प्रेअरीवरच्या १६० एकरांत पाणलोटाचं काम: आधी स्लू, मग गुरं, झाडं सगळ्यात शेवटी

प्रश्न थोडक्यात असा. कॅनडाच्या सस्कॅचेवान प्रांतात, सस्कटून शहराच्या पूर्वेला घेतलेली एक क्वार्टर सेक्शन, म्हणजे १६० एकर जमीन. मधून एक लहान क्रीक, म्हणजे ओढा, आसपास दहा-बारा स्लू, म्हणजे पाणी साचणारे उथळ खळगे. त्यातल्या दोन स्लूंचं पाणी आधीच्या मालकाने चर खणून क्रीकमध्ये सोडलेलं. निम्म्या जमिनीत कॅनोला (एक तेलबी) आणि गहू, निम्मं मूळ गवताचं कुरण, ते शेजारच्या रँचवाल्याला चराईसाठी दिलेलं. तुम्ही नगर जिल्ह्यात पाणलोटाची कामं केली आहेत आणि त्याच धर्तीवर आराखडा काढला आहे: उतारावर सलग समतल चर, क्रीकवर दोन लहान बांध, काठाने झाडं. जोडीला सस्कटूनमधली काही मराठी कुटुंबं दर वर्षी नदीकाठी वृक्षारोपण करायचं म्हणत आहेत. यातलं काय करावं?

समतल चर नकोत. क्रीकवर बांध नको. कुरणात झाडं तर अजिबात नकोत. त्याऐवजी ते दोन स्लू परत भरू द्या, गुरांचं पिण्याचं पाणी क्रीकपासून दूर न्या आणि हिवाळ्यात शेण नेमकं कुठे साचतं ते बघा. या तीन गोष्टी झाल्या की काठावर विलोच्या (पाणकाठच्या वाळुंजाच्या) खुंट्या लावायला घ्या.

महाराष्ट्रात आपलं सगळं काम पावसाच्या सरीभोवती फिरतं. जमीन तापलेली असते, सर आली की पाणी पळतं आणि माती घेऊन जातं. चर खणला की तेच पाणी थांबतं आणि मुरतं. सस्कटूनला पाऊस आणि बर्फ मिळून वर्षाला साधारण ३५० मिलिमीटर पडतो. उन्हाळ्यातला पाऊस पिकं आणि गवत पिऊन टाकतात, क्रीकपर्यंत तो क्वचितच पोचतो. अशा भागातल्या क्रीकमध्ये वर्षभरात जे पाणी वाहतं त्यातलं ८० टक्क्यांच्या आसपास एकट्या बर्फवितळीचं असतं, आणि ते मार्चअखेर ते एप्रिल या दोन-तीन आठवड्यांत येऊन जातं. तेव्हा जमीन वरून चार बोटं सुटलेली आणि त्याखाली मीटरभर गोठलेली असते. समतल चरात हिवाळाभर उडून आलेला बर्फ घट्ट बसलेला असतो, तळही गोठलेला. पाणी मुरायला वाव नसतो. ते चराच्या सगळ्यात खोलगट टोकाकडे गोळा होतं, तिथून फुटतं आणि घळ पडते. शिवाय चर खणताना मूळ गवताची जी मुळांची चटई तुटते ती पुन्हा तशी बसायला कित्येक वर्षं जातात. तोवर तिथे ब्रोम हे परकं गवत आणि कॅनडा थिसल हे काटेरी तण शिरलेलं असतं.

गोठलेली जमीन अजिबात पाणी पीत नाही, असं मात्र नाही. ती किती पिईल हे आधीच्या शरद ऋतूत ठरतं. ऑक्टोबरात पाऊस होऊन जमीन ओली गोठली तर मातीतल्या पोकळ्या बर्फाने बुजतात आणि वसंतात जवळपास सगळं पाणी वरून वाहतं. जमीन कोरडी, भेगाळलेली गोठली तर तेवढाच बर्फ पडूनही क्रीक जेमतेम वाहतो. म्हणून पुराचा अंदाज बांधणारे इथे बर्फाच्या जाडीइतकंच लक्ष आदल्या शरदातल्या ओलाव्यावर ठेवतात. तुम्हीही ऑक्टोबरअखेर चार ठिकाणी फावड्याने ३० सेंटिमीटर खणून माती मुठीत दाबून बघा. गोळा होत असेल तर एप्रिलमध्ये कल्व्हर्टवर, म्हणजे रस्त्याखालून पाणी नेणाऱ्या नळावर, लक्ष ठेवायची तयारी करा.

आता स्लूंकडे. हिमनदी मागे हटली त्याला दहा हजारांवर वर्षं झाली, पण या सपाटीवर नद्यांचं जाळं अजून पुरतं तयार झालेलं नाही. हिमनदीने मागे टाकलेली चिकण माती आणि त्यात हजारो खळगे अशी ही जमीन आहे. प्रत्येक खळग्याचा स्वतःचा छोटा पाणलोट असतो. पाणी आधी खळगा भरतं, काठोकाठ झालं की शेजारच्या खळग्यात सांडतं, अशी साखळी ओल्या वर्षीच क्रीकपर्यंत पोचते. म्हणूनच १९३५ साली स्थापन झालेल्या प्रेअरी फार्म रिहॅबिलिटेशन ॲडमिनिस्ट्रेशन या सरकारी संस्थेने नकाशे काढताना प्रत्येक नदीचे दोन पाणलोट दाखवले: एक उंचवट्यांवरून आखलेला पूर्ण पाणलोट आणि दुसरा साधारण वर्षी खरोखर पाणी देणारा. दोन्हींत प्रचंड फरक आहे. तुमच्या जमिनीचा मोठा भाग बहुतेक वर्षी नदीला थेंबही देत नसेल. पाणी कुठे गेलं, असं वाटू देऊ नका. ते खळग्यात थांबतं आणि काठाच्या विलोंखालून हळूहळू भूजलात उतरतं. इथे भूजल भरतं ते मुख्यतः अशा खळग्यांतूनच.

आधीच्या मालकाने खणलेल्या चरांनी नेमकं हेच मोडलं. एका स्लूचा निचरा केला तर काय बिघडतं, असं प्रत्येकाला वाटतं, आणि शंभर जणांना तसं वाटलं की खालच्या गावात पूर येतो. शेजारच्या मॅनिटोबा प्रांताच्या सीमेजवळच्या स्मिथ क्रीकचा अभ्यास सस्कॅचेवान विद्यापीठाने केला आहे. १९५८ मध्ये त्या पाणलोटाचा सुमारे २४ टक्के भाग पाणथळ होता, २००८ पर्यंत तो ११ टक्क्यांवर आला. २०११ च्या मोठ्या पुराचं गणित मांडलं तेव्हा दिसलं की पाणथळी १९५८ इतक्या असत्या तर पुराचा कळस ३२ टक्क्यांनी कमी भरला असता, आणि उरलेल्याही आटवल्या तर तो ७८ टक्क्यांनी वाढेल. चर खणणाऱ्याला आठ-दहा एकर कॅनोला मिळतो, भरपाई खालचे लोक करतात. या बाबतीत माझं मत ठाम आहे: पाणलोटावर खर्च करायला एकच डॉलर असेल तर तो बुजवलेल्या चरावर खर्च करावा.

पण आधी स्लू ओळखायला शिका, कारण सगळे सारखे नसतात. एप्रिलअखेर एकदा, जुलैच्या मध्याला एकदा आणि सप्टेंबरात एकदा सगळ्यांना फेरी मारा. मध्यभागी कोणती वनस्पती आहे त्यावरून इथे पाच वर्ग करतात. पहिल्या दोन वर्गांत पाणी काही दिवस ते काही आठवडे टिकतं आणि मध्यभागी बारीक गवतं असतात. तिसऱ्यात पाणी उन्हाळ्याच्या सुरुवातीपर्यंत टिकतं, मध्ये लव्हाळ्यासारखी उंच वाढ असते. चौथ्यात बहुतेक वर्षी पाणी असतं आणि पाणकणसं दाट असतात. पाचव्यात मध्ये उघडं पाणी कायम राहतं. वर्गाइतकीच महत्त्वाची खूण काठाची. काठाला विलोचं कडं असेल तर पाणी गोडं आहे आणि ते खाली मुरतं आहे, असं समजा. काठाला पांढरी पूड आणि शरदात लालभडक होणारी बुटकी मांसल खारवट वनस्पती दिसली तर तिथे भूजल वर येतं आणि क्षार मागे ठेवून उडून जातं. अशा खारट स्लूमधलं पाणी गुरांना देण्याआधी तपासून घ्याच. कॅनडाच्या मार्गदर्शक मर्यादा गुरांसाठी सल्फेट १,००० आणि एकूण विरघळलेले क्षार ३,००० मिलिग्रॅम प्रतिलिटर अशा आहेत. या मातीत सोडियम आणि मॅग्नेशियम सल्फेट भरपूर असल्याने सल्फेटचा आकडा आधी ओलांडला जातो. कोरड्या वर्षी जुलैत ठीक असलेलं पाणी ऑगस्टअखेर विषारी होऊ शकतं, कारण पाणी उडतं आणि क्षार तेवढेच राहतात. गुरं आंधळ्यासारखी चालू लागली, डोकं खांबाला टेकवून उभी राहिली तर सल्फेटचा संशय धरून पशुवैद्याला बोलवा आणि पाणी त्याच दिवशी बदला.

निचरा झालेला स्लू परत भरायचा तर सगळा चर बुजवायची गरज नसते. स्लूच्या तोंडाशी, जिथे चर काठ फोडून बाहेर पडतो, तिथे चिकण मातीचा पक्का बूच मारायचा. तिथली काळी माती आधी खरवडून बाजूला ठेवा. चराच्या तळातला गाळ आणि मुळं काढून घट्ट पिवळी चिकण माती लागेपर्यंत खाली जा आणि बाजूंच्या भिंतींतही खाच घ्या, नाहीतर पाणी जुन्या आणि नव्या मातीच्या सांध्यातून वाट काढतं. मग ओलसर चिकण माती १५-१५ सेंटिमीटरच्या थरांत टाकून प्रत्येक थर दाबा. वरची रुंदी तीन मीटर, बाजूंचे उतार चारास एक किंवा त्याहून सपाट. लांबी निदान १५ मीटर ठेवा. आखूड बूच मस्करॅट हा पाणउंदीर पोखरतो. माती बसणार म्हणून उंचीत १० ते १५ टक्के जास्त धरा, मग काळी माती परत पसरून स्थानिक गवत पेरा.

खरी कसोटी उंचीची. पाणी बुचावरून कधीच जाऊ नये. ते स्लूच्या काठावरच्या नैसर्गिक सखल जागेवरून, गवतावरून सांडलं पाहिजे. ती जागा बुचापेक्षा निदान ३० सेंटिमीटर खाली हवी. लेझर लेव्हलने सगळा काठ मोजल्याशिवाय काम सुरू करू नका, कारण अशा सपाटीवर ३० सेंटिमीटर पाणी म्हणजे कित्येक एकरांचा फरक, आणि ते एकर शेजाऱ्याचे निघाले तर वाद वर्षानुवर्षं मिटत नाही. जुन्या पाण्याची रेषा विलोच्या कड्याच्या बाहेरच्या कडेवरून आणि मातीतल्या राखाडी-गंजक्या ठिपक्यांवरून सापडते. काम सप्टेंबरात करा, माती कोरडी असते आणि पक्ष्यांची पिल्लं उडून गेलेली असतात.

तुमच्या जमिनीपासून जवळच असलेल्या सेंट डेनिस राष्ट्रीय वन्यजीव क्षेत्रातला एक अनुभव इथे लक्षात ठेवण्यासारखा आहे. तिथे १९८३ मध्ये स्लूंभोवतीची नांगरट बंद करून ब्रोम गवत पेरलं. काही वर्षांत गवताच्या मधले स्लू कोरडे पडले, शेजारच्या नांगरलेल्या शेतांतले मात्र भरत राहिले. उंच उभ्या गवताने बर्फ जागच्या जागी धरला, तो उडून खळग्यात पोचलाच नाही. शिवाय मुळांनी केलेल्या भोकांतून वितळलेलं पाणी गोठलेल्या जमिनीतही उतरलं. म्हणजे माती वाचवायची असेल तर दाट गवत उत्तम, पण स्लूमध्ये पाणी हवं असेल तर त्याभोवतीचं गवत हिवाळ्याआधी चरलेलं किंवा कापलेलं असावं. दोन्ही एकाच जागी पूर्ण साधत नाही. क्रीकच्या बाजूचे स्लू दाट गवतात ठेवावेत आणि उरलेल्यांच्या भोवती सप्टेंबरात हलकी चराई करू द्यावी, असा तोडगा मी सुचवेन. ब्रोम मुद्दाम मात्र पेरू नका, ते मूळ गवतात पसरत जातं.

आता क्रीक आणि गुरं. कुरणाच्या ८० एकरांत, पाऊसपाणी साधारण असेल तर, चार महिन्यांच्या हंगामाला सात-आठ गाई-वासरांच्या जोड्या पुरेत. रँचवाला पंधरा सोडत असेल तर बाकी सगळे उपाय व्यर्थ आहेत. आधी तो करार बदला. कडक उन्हाळ्यात एका जोडीला दिवसाला ६० ते ७० लिटर पाणी लागतं, म्हणजे आठ जोड्यांना ५००-५५०. सौर पंप लावलात तर ढगाळ दिवसांसाठी तीन दिवसांचा साठा हवा, म्हणून १,५०० ते २,००० लिटरचा हौद घ्या. हौद क्रीकपासून शंभर मीटरवर, उंचवट्यावर ठेवा. त्याखाली जिओटेक्स्टाइल कापड अंथरून वर २० सेंटिमीटर खडी टाका, नाहीतर महिन्याभरात हौदाभोवती चिखलाचं डबकं होतं. गाय नाकाने दट्ट्या ढकलून स्वतः पाणी ओढते असा पंपही मिळतो. तो स्वस्त आणि बिनबिघाडाचा, पण लहान वासरांना तो ढकलत नाही; त्यांना वेगळी कुंडी लागते. स्वच्छ पाणी हौदात मिळतंय म्हटल्यावर गुरं कुंपण नसतानाही क्रीकवर कमी जातात, हे अनेक ठिकाणी दिसून आलं आहे. मिठाच्या विटा मात्र हौदाजवळ ठेवू नका. पाण्यापासून ३००-४०० मीटरवर, जिथलं गवत चरलं जात नाही अशा ठिकाणी ठेवल्या की कळप पांगतो.

कायमचं काटेरी कुंपण काठाला घालू नका. वसंतात बर्फाचे तुकडे खांब उपटून नेतात आणि तुटलेली तार पात्रात अडकते. करंटची एकेरी तार, हलक्या खांबांवर, पुराच्या रेषेबाहेर पुरेशी आहे. नोव्हेंबरात गुंडाळून ठेवायची. काठावर चराईबंदी वर्षभर लागत नाही, वेळ पाळली तरी भागतं. एप्रिल ते मध्य-जून काठ मऊ असतो आणि खुराखाली ढासळतो, तेव्हा गुरं पूर्ण बाहेर. जूनअखेर ते जुलै आठ-दहा दिवस चरू द्या आणि गवत १० ते १५ सेंटिमीटर शिल्लक असताना बाहेर काढा. ऑगस्टपासून गवत वाळलं की गुरं विलोच्या कोवळ्या शेंड्यांकडे वळतात. विलोची नवी फूट दर वर्षी गुडघ्याच्या उंचीला कातरलेली दिसली तर गुरं उशिरापर्यंत आत राहिली असं समजा.

पाण्यात शेवाळ माजवणाऱ्या स्फुरदाचा (फॉस्फरसचा) प्रश्न याहून मोठा आहे आणि त्यात बाहेरून आलेले सल्ले इथे हमखास चुकतात. पावसाळी प्रदेशात मातीला चिकटून वाहणारा स्फुरद गवताच्या पट्ट्यात अडकतो, म्हणून काठाला पट्टा ठेवा असं सगळे सांगतात. इथे बर्फवितळीच्या पाण्यात माती कमी असते आणि स्फुरद बहुतेक विरघळलेला असतो. तो गवतात अडकत नाही. उलट गवत आणि पिकाचे अवशेष गोठून वितळले की त्यांच्या पेशी फुटतात आणि त्यांच्यातलाच स्फुरद पाण्यात येतो. दक्षिण मॅनिटोबातल्या साउथ टोबॅको क्रीकवर नांगरट कमी केल्यावर माती आणि नत्राचं वाहून जाणं खूप घटलं, पण स्फुरदाचं उलट वाढलं. म्हणून पट्टा ठेवाच, काठ धरून ठेवायला तो हवाच, पण जुलैच्या मध्यानंतर त्याचं गवत कापून बाहेर न्या. तेवढा स्फुरद दर वर्षी चाऱ्यातून निघून जातो.

आणि शेण. क्रीकच्या खोलगट भागात वारा कमी लागतो म्हणून गुरांना हिवाळ्यात तिथे गठ्ठे टाकून खाऊ घालायची जुनी सवय आहे. पाच महिन्यांचं शेण-मूत गोठलेल्या जमिनीवर साचतं आणि एप्रिलमध्ये दोन आठवड्यांत थेट पाण्यात जातं. रँचवाल्याशी बोलून ही जागा उंच, सपाट शेतावर हलवा. आडोशासाठी फळ्यांचं, मध्ये फटी ठेवलेलं, हलवता येणारं वारारोधक कुंपण पुरतं. शेतात शेणखत पसरायचं ते शरदात, जमीन गोठण्याआधी, आणि लगेच मातीत मिसळायचं. मॅनिटोबात १० नोव्हेंबर ते १० एप्रिल गुरांचं खत शेतात पसरायला कायद्यानेच बंदी आहे. त्यामागे विनिपेग सरोवर आहे: २४,००० चौरस किलोमीटरहून मोठं, त्याच्या चाळीसपट जमिनीचं पाणी त्यात येतं, आणि उन्हाळ्यात त्यावर नील-हरित शेवाळाची साय धरते. तुमच्या क्रीकचं पाणीही दक्षिण सस्कॅचेवान नदीतून, प्रिन्स अल्बर्टच्या पूर्वेच्या संगमावरून, कम्बरलंड हाउसच्या त्रिभुज प्रदेशातून शेवटी तिथेच पोचतं.

क्रीकवर बांध का नको? बर्फ सुटताच नॉर्दर्न पाइक मासे वर चढून बुडालेल्या गवतात अंडी घालतात, आणि पाऊण मीटरचा बांधही त्यांची वाट अडवतो. बांधामागे गाळ बसतो, खालचं पाणी गाळाविना निघतं आणि तळ खरवडतं. रस्त्याखालचा कल्व्हर्टही तपासा. त्याचं खालचं तोंड पाण्यापासून वर लटकत असेल तर मासे तिथेच अडतात. नवा टाकताना त्याचा तळ क्रीकच्या तळाखाली गाडलेला असला पाहिजे. पाणी अडवण्याचं काम बीव्हर (फांद्यांचे बांध घालणारा प्राणी) करत असेल तर त्याला करू द्या. एडमंटनजवळच्या एल्क आयलंड राष्ट्रीय उद्यानात ओल्या आणि कोरड्या दोन्ही वर्षांत बीव्हर असलेल्या तळ्यांत उघडं पाणी, त्याच तळ्यांत बीव्हर नसतानापेक्षा नऊपट होतं. त्याच्या बांधाने शेत बुडायला लागलं तर बांध फोडण्यात अर्थ नाही, दोन रात्रींत तो पुन्हा उभा राहतो. त्याच्या बांधातून ३० सेंटिमीटर व्यासाचा पाइप आडवा घाला, वरचं तोंड चार-पाच मीटर आत खोल पाण्यात जाळीच्या पिंजऱ्यात ठेवा. पाणी निघून जाण्याचा आवाज आणि ओढ बीव्हरला जाणवली नाही की तो पाइप बुजवत नाही, आणि तळ्याची पातळी तुम्ही ठरवाल तिथे राहते.

काठ ढासळलेल्या वळणांवर विलोच्या खुंट्या लावा. पानं फुटण्याआधी, मार्चअखेर ते एप्रिलच्या सुरुवातीला, जवळपासच्याच विलोंच्या अंगठ्याएवढ्या जाड फांद्या कापा, निदान दहा-बारा वेगवेगळ्या झाडांवरून. लांबी एक मीटर. खालचं टोक तिरकं आणि वरचं सपाट छाटा. बऱ्याच जणांच्या खुंट्या मरतात त्या उलट्या लावल्यामुळे. लावण्याआधी आठ-दहा दिवस त्या क्रीकमध्ये बुडवून ठेवा. मे महिन्यात जमीन सुटली की पहारेने भोक पाडून तीन चतुर्थांश खुंटी आत जाईल अशी रोवा. ऑगस्टात भूजल जिथे उतरतं तिथवर तळ पोचला पाहिजे, नाहीतर जूनमध्ये हिरवी दिसलेली खुंटी जुलैत वाळते. वर दोन-तीन डोळे पुरेत. भोकात पातळ चिखल ओतून हवेची पोकळी भरा, भोवतीचं ब्रोम हातभर काढा. अंतर अर्धा ते एक मीटर. सँडबार विलो, बाल्सम पॉप्लर, लाल खोडाचं डॉगवुड अशा खुंट्यांनी चालतात. ॲस्पनच्या फांद्या मुळं धरत नाहीत. निम्म्या जगल्या तरी काम झालं.

मराठी कुटुंबांच्या उपक्रमाबद्दल. नदीकाठी झाडांचा तुटवडा हा खरा प्रश्न नाही. काठचं कॉटनवूड झाड उगवायला ताजा ओला गाळ लागतो आणि जूनच्या पुरानंतर पाणी हळूहळू उतरावं लागतं. रोज अडीच सेंटिमीटरपेक्षा जास्त उतरलं तर रोपाचं मूळ मागे पडतं आणि रोप वाळतं. दक्षिण अल्बर्टात १९५१ च्या धरणानंतर सेंट मेरी नदीकाठची कॉटनवूडची बनं अशीच गेली. लेथब्रिजच्या संशोधकांनी हे गणित मांडल्यावर ओल्डमन खोऱ्यातल्या धरणांतून पुराचं पाणी हळूहळू कमी करत सोडायला सुरुवात झाली आणि रोपं पुन्हा दिसू लागली. दक्षिण सस्कॅचेवानवर १९६७ चं गार्डिनर धरण आहे, गाळ त्यामागच्या लेक डीफनबेकर या जलाशयातच बसतो. खड्डे खणून लावलेली झाडं त्याची भरपाई करत नाहीत.

सस्कटूनमध्ये नदीचा काठ १९७९ पासून मीवासिन व्हॅली ऑथॉरिटी सांभाळते. तिथे स्वयंसेवक हवे असतात ते युरोपियन बकथॉर्न काढायला. हे झुडूप काठाखालचं सगळं मूळ रान दाबून टाकतं. ऑक्टोबरात बाकी झुडपांची पानं गळून गेलेली असतात तेव्हा हे अजून गडद हिरवं असतं, म्हणून त्या दोन आठवड्यांत ते लांबूनही ओळखता येतं. साल खरवडली की आतून नारिंगी निघते, फांदीच्या टोकाला बारीक काटा असतो. काळी फळं धरलेली मादी झुडपं आधी काढायची. नुसतं कापलं तर बुंध्यातून दहा धुमारे येतात, म्हणून रोप लहान असताना मुळासकट उपटायचं, मोठ्याच्या बुंध्यावर काय करायचं ते मीवासिनच्या माणसांच्या सांगण्याप्रमाणे. पंधरा-वीस जणांचा गट एका शनिवारी जेवढं काढेल तेवढं फायद्याचं. आणि गणेशोत्सवात मूर्ती शाडूची असली तरी विसर्जन घरी बादलीत करून माती बागेत घाला, निर्माल्य कंपोस्टात. घरच्या टाकीतले मासे नदीत सोडू नका. प्रशियन कार्प या परक्या माशाने लेक डीफनबेकरपर्यंत मजल मारली आहे आणि तो आता काढता येत नाही.

परवानग्यांची बाब सोपी समजू नका. बूच, कल्व्हर्ट, पात्रात किंवा काठावर कोणतंही काम, काठावरची झाडी काढणंसुद्धा, प्रांताच्या वॉटर सिक्युरिटी एजन्सीला विचारल्याशिवाय करायचं नाही. चर बुजवल्याने खालच्या किंवा वरच्या शेजाऱ्याच्या पाण्यात फरक पडणार असेल तर त्याची लेखी संमती आधी घ्या. हौद, पाइपलाइन, कुंपण यांसाठी सरकारी अनुदानं असतात, पण बहुतेक ठिकाणी मंजुरीआधी केलेला खर्च धरत नाहीत, म्हणून आधी अर्ज, मग खरेदी. साउथ सस्कॅचेवान रिव्हर वॉटरशेड स्टुअर्ड्स आणि डक्स अनलिमिटेड या संस्थांची माणसं जागेवर येऊन बघतात. त्यांच्याकडून किंवा अल्बर्टातल्या काउज अँड फिश या संस्थेच्या पद्धतीने काठाचं आरोग्य गुणांत मोजून घ्या: ८० आणि त्यावर निरोगी, ६० ते ७९ निरोगी पण अडचणीसह, त्याखाली रोगट. तेच मोजमाप पाच वर्षांनी पुन्हा करा, आणि मधल्या काळात दर वर्षी जुलैच्या त्याच आठवड्यात, त्याच चार खांबांपासून फोटो काढत राहा. जमिनीत पहार असो की एक्सकॅव्हेटर, काहीही घालण्याआधी सस्क फर्स्ट कॉल या सेवेला कळवून खालच्या गॅसच्या आणि विजेच्या लाइनी आखून घ्या.